ऑगुस्तो बोआल : दिग्दर्शकाचा कार्यकर्ता नेमका केव्हा झाला?

तिसरी घंटा यांचा प्रश्न

ब्राझीलचे रंगकर्मी ऑगुस्तो बोआल यांच्याविषयी येथील जाणकारांकडून समजून घ्यावे, या हेतूने हा धागा काढत आहे. आमचा गट काही वर्षांपासून शहरातील वस्त्यांमध्ये पथनाट्ये करतो. शिधापत्रिका, पाण्याची वेळ, घरकामगार स्त्रियांचा पगार असे आमचे विषय असतात. अलीकडे गटात दोन तट पडले आहेत. काहींचे म्हणणे असे की, आपण नाटकवाले आहोत आणि संहिता, तालीम, प्रयोग यांत उणे राहू नये, एवढीच आपली जबाबदारी आहे. उरलेल्यांना वाटते की, टाळ्या घेऊन निघून येणे आता पुरे झाले. ज्या वस्तीत प्रयोग केला तेथेच थांबून संघटनेचे काम करायला हवे. या वादात दोन्ही बाजू बोआल यांचेच नाव घेतात, म्हणून विचारावेसे वाटले.

त्यांच्याविषयीच्या लेखांत ‘आधी ते दिग्दर्शक होते, मग पीडितांच्या रंगभूमीचे प्रवर्तक झाले आणि अखेरीस रिओचे नगरसेवक झाले’ अशी सरळ चढती मांडणी आढळते. (पीडितांची रंगभूमी, म्हणजे ‘थिएटर ऑफ द ऑप्रेस्ड’, ही पीडितांनी स्वतःच नाटकातून आपले प्रश्न मांडण्याची आणि उपाय शोधण्याची त्यांची पद्धत.) ती मला फारच सोयीची वाटते. त्यांच्या आयुष्यात हे वळण खरोखर कोठे आले? कार्यकर्ता झाल्यावर त्यांच्यातील नाटककार आणि दिग्दर्शक मागे पडला का? आणि महापालिकेत त्यांनी नाटकांतून कायदे करून घेतले असे जे सांगितले जाते, ते प्रत्यक्षात कसे घडत होते? केवळ गौरवपर माहिती नको आहे; कोणी या पद्धतीचा टीकात्मक विचार केला असेल तर तोही वाचायला आवडेल.

---

अनवट

आपल्या पहिल्या प्रश्नाचे माझे उत्तर ‘१९७३ साली, पेरूमध्ये’ असे आहे. मात्र ते पटण्यासाठी थोडे मागून सुरुवात करावी लागेल.

बोआल यांचा जन्म १९३१ सालच्या मार्चमध्ये रिओ द जानेरोच्या पेन्या या उपनगरात, पोर्तुगालहून येऊन बेकरी चालवणाऱ्या कुटुंबात झाला. आजूबाजूची वस्ती कामगारांची होती. त्यांनी रसायन अभियांत्रिकीचे शिक्षण घेतले, त्याच विषयाच्या पुढील अभ्यासासाठी ते न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेले, आणि तेथे त्यांनी जॉन गॅसनर यांच्याकडे नाट्यलेखनाचे धडे घेतले. गॅसनर यांची कीर्ती नाटकाचा जाणता समीक्षक आणि शिक्षक अशी होती. १९५५ मध्ये मायदेशी परतल्यावर दुसऱ्याच वर्षी बोआल यांना साओ पावलोच्या ‘तियात्रो दे अरेना’मध्ये दिग्दर्शनाचे काम मिळाले. प्रेक्षक चारही बाजूंनी बसतील असा लहानसा मंच, नेपथ्याला जवळजवळ फाटा आणि मोजका नटसंच असे या नाटक मंडळीचे रूप होते. त्या काळात शहरातील मोठ्या नाट्यगृहांवर युरोपीय, विशेषतः इटालियन, दिग्दर्शकांची छाप होती. त्या पार्श्वभूमीवर ब्राझीलच्या माणसांची, ब्राझीलच्या बोलीतील नाटके करण्याचा आग्रह अरेनाने धरला. १९५८ साली नाटककार ग्वार्नियेरी यांचे संपकरी कामगारांच्या घरातील ताणावरचे नाटक तेथे आले आणि ते अतिशय गाजले.

येथवर बोआल हे सामाजिक जाणीव असलेले दिग्दर्शक होते. कार्यकर्ता म्हणावे असे त्यांच्यात अजून काही नव्हते. साठच्या दशकाच्या आरंभी ही मंडळी ईशान्य ब्राझीलमध्ये दौऱ्यावर गेली. जमीनदारांच्या दडपशाहीविरुद्ध तेथील शेतकरी संघटित होत होते. नाटकाचा शेवट असा होता की, नट हातातल्या बंदुका उंचावून ‘जमिनीसाठी रक्त सांडू’ असे गात. प्रयोगानंतर विर्जिलिओ नावाचा एक शेतकरी त्यांच्यापाशी आला आणि म्हणाला की, तुमचे आमचे विचार एकच आहेत, तेव्हा जेवून घेऊ आणि तुमच्या बंदुका घेऊन जमीनदाराच्या गुंडांना हुसकायला निघू. बंदुका लाकडी आहेत, असे नटांनी ओशाळून सांगितले. त्यावर तो म्हणाला की, काही हरकत नाही, आमच्याकडे खऱ्या आहेत, तुम्ही फक्त या. आम्ही कलावंत आहोत, शेतकरी नाही, असे सांगण्याची पाळी आली तेव्हा त्याच्या लक्षात आले की, ही माणसे ज्या रक्ताविषयी गात होती ते त्यांचे स्वतःचे नव्हते. बोआल यांनी ही हकिकत आयुष्यभर अनेकदा सांगितली. स्वतः जोखीम न पत्करता दुसऱ्याला पत्करायला सांगणारे नाटक यापुढे करायचे नाही, एवढे त्यांनी त्यातून घेतले. पण मग कोणते नाटक करायचे, याचे उत्तर तेव्हा त्यांच्यापाशी नव्हते, आणि म्हणूनच मी या प्रसंगाला वळण म्हणत नाही.

ते उत्तर दहाएक वर्षांनी पेरूमध्ये सापडले. व्हेलास्को यांच्या लष्करी, पण जमीनसुधारणा करणाऱ्या सरकारने १९७३ मध्ये साक्षरतेची मोठी मोहीम आखली होती. तिच्यामागे ब्राझीलचे शिक्षणतज्ज्ञ पाउलो फ्रेइरे यांच्या शिक्षणविचाराची प्रेरणा होती आणि लष्करी राजवटीमुळे ब्राझील सोडावे लागलेले बोआल तेथे नाटकाच्या बाजूने काम करीत होते. पेरूत स्पॅनिशखेरीज चाळीसहून अधिक भाषा बोलल्या जातात, त्यामुळे शब्दांवर विसंबून भागणारे नव्हते. लोकांच्या हाती कॅमेरे देऊन त्यांना प्रश्न विचारले जात आणि उत्तर छायाचित्रातून मागितले जाई. ‘शोषण म्हणजे काय?’ या प्रश्नावर लिमातील बूटपॉलिश करणाऱ्या एका मुलाने भिंतीतल्या एका खिळ्याचे छायाचित्र आणले. मोठ्यांना काहीच कळेना, पण त्याच्या वयाच्या सगळ्या मुलांना ते लगेच पटले. ही मुले दूरच्या टेकड्यांवरील वस्त्यांतून शहरात येत. पॉलिशची जड पेटी रोज वर वाहून नेणे शक्य नसल्यामुळे ती रात्री एखाद्या दुकानातील खिळ्याला अडकवून ठेवावी लागे आणि दुकानदार त्या खिळ्याचे भाडे घेत असे.

तेथेच दुसरी गोष्ट घडली. तोवर बोआल यांची पद्धत अशी होती की, पेच उभा राहिला की नाटक थांबवायचे, पुढे काय करावे हे प्रेक्षकांना विचारायचे आणि त्यांच्या सूचना नटांनी करून दाखवायच्या. नवऱ्याने फसवलेल्या एका स्त्रीच्या कथेत प्रेक्षकांतील एका धिप्पाड बाईने सुचवले की, बायकोने नवऱ्याशी ‘स्पष्ट बोलावे’. नटीने ते निरनिराळ्या तऱ्हांनी करून दाखवले, पण बाईंचे समाधान होईना आणि त्यांचा राग वाढतच गेला. शेवटी बोआल यांनी त्यांनाच मंचावर बोलावले. त्यांनी आधी झाडूने त्या ‘नवऱ्या’ची यथास्थित पूजा बांधली आणि मग त्याला स्वयंपाकघरातून आपले जेवण आणायला पाठवले. स्पष्ट बोलणे म्हणजे काय, हे इतर कोणी त्यांच्या वतीने दाखवू शकले नसते. दिग्दर्शकाने आणि नटाने दुसऱ्याच्या वतीने बोलण्याचा हक्क सोडून देण्याची ही घटना आहे. ‘फोरम थिएटर’ तेथून सुरू झाले, आणि माझ्या मते त्यांच्यातील कार्यकर्ताही तेथूनच सुरू झाला.

---

करडा रंग

अनवट यांची मांडणी वाचनीय आहे, परंतु मला ती अर्धवट वाटते. विर्जिलिओ काय किंवा पेरूतील बाई काय, हे दोन्ही प्रसंग बोआल यांनी स्वतः, पुढे कीर्ती मिळाल्यावर, घासूनपुसून सांगितलेले आहेत. हकिकत सांगण्यात त्यांचा हात धरणारा विरळा. अशा माणसाचे आयुष्य त्याच्याच हकिकतींवरून वाचले, तर प्रत्येक वळणावर त्याला शहाणपण सुचत गेले असे दिसणारच. या कथेत सरकार कोठे आहे?

ब्राझीलमधील १९६४ च्या लष्करी उठावानंतरही अरेनाचे काम चालू होते. पळून गेलेल्या गुलामांचे राज्य उभारणाऱ्या झुंबीवरील संगीत नाटक १९६५ मध्ये आले. कोणतीही भूमिका एका नटाच्या मालकीची न ठेवता सर्वांनी सर्व भूमिका आळीपाळीने करायच्या, हा प्रयोग त्यातलाच. पुढे १३ डिसेंबर १९६८ रोजी राजवटीने ‘पाचवा संस्थात्मक कायदा’ आणला. देशाची संसद बंद झाली, राजकीय आरोपींचा न्यायालयीन संरक्षणाचा हक्क गेला आणि सेन्सॉरची पकड आवळली. नाट्यगृहात उघड काही करणे अशक्य झाले, तेव्हा बोआल आणि अरेनातील तरुण मंडळींनी ‘वृत्तपत्र-नाट्य’ रचले. त्यात त्या दिवसाची बातमी घ्यायची, ती कधी नुसती वाचायची, कधी तिच्या विरुद्ध जाणाऱ्या दुसऱ्या बातमीशी आलटूनपालटून वाचायची, तर कधी तिच्यातून गाळलेला भाग जोडून वाचायची. हे तंत्र विद्यार्थ्यांना आणि कामगारांना शिकवून टाकायचे, म्हणजे नट पकडले गेले तरी नाटक थांबत नाही. साधने लोकांच्या हाती देण्याची कल्पना पेरूच्या आधीच, दडपशाहीच्या दबावाखाली, जन्मली होती हे येथे लक्षात घ्यावे.

१९७१ च्या आरंभी त्यांना रस्त्यातून उचलून नेण्यात आले, तुरुंगात उलटे टांगून त्यांचा छळ झाला, आणि देशोदेशींच्या रंगकर्मींनी आवाज उठवल्यावर काही महिन्यांनी ते सुटले. नंतर ते पत्नी सेसिलिया यांच्या देशात, अर्जेंटिनात गेले. तेथेही उघडपणे राजकीय नाटक करणे धोक्याचे होते, म्हणून ‘अदृश्य नाट्य’ आले. नाटक चालू आहे हे कोणाला न सांगता ते सार्वजनिक जागी घडवायचे. त्याचे प्रसिद्ध उदाहरण मात्र पेरूच्या चिक्लायो शहरातील एका हॉटेलचे आहे. एक ‘गिऱ्हाईक’ ७० सोलचे (सोल हे पेरूचे चलन) जेवण चवीने खाते आणि पैसे नाहीत, श्रमाने फेडीन, असे सांगते. कचरा उचलणाऱ्याला तासाला ७ सोल मिळतात असे कळल्यावर ते हिशेब मांडते की, दहा मिनिटांत खाल्लेल्या जेवणासाठी दहा तास कचरा उचलावा लागेल. मग भोवतीच्या टेबलांवर वाद पेटतो, आणि त्यांतले काही वादकही नटच असतात. १९७६ साली अर्जेंटिनातही लष्कर सत्तेवर आले आणि बोआल लिस्बनला व पुढे पॅरिसला गेले. म्हणजे बहुतेक नव्या पद्धती अशा ठिकाणी जन्मल्या, जेथे जुन्या पद्धतीने काम करण्याची वाट बंद झाली होती. कार्यकर्तेपण ही नेहमी मनाने केलेली निवडच असते असे आपण धरून चालतो. बोआल यांच्या बाबतीत बरेचसे ढकलले जाणे होते.

आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर सोपे आहे. त्यांच्यातील दिग्दर्शक कधीच निवृत्त झाला नाही. हद्दपारी संपवून १९८६ मध्ये ते ब्राझीलला परतले, त्याच वर्षी त्यांनी फ्रेंच नाटककार रासीनचे ‘फेद्र’ बसवले, आणि त्यात मुख्य भूमिका फर्नांदा मोंतेनेग्रो या तेथील श्रेष्ठ अभिनेत्रीची होती. १९९९ मध्ये त्यांनी ‘कार्मेन’ हा ऑपेरा सांबाच्या तालावर सादर केला. तेव्हा तुमच्या गटात जी मंडळी तालमीचा आग्रह धरत आहेत, त्यांना बोआल यांचे नाव घेण्याचा पुरेपूर हक्क आहे.

---

नोंदवही

तिसऱ्या प्रश्नावर, म्हणजे नगरसेवकपदाच्या काळावर, मी थोडे सविस्तर लिहितो, कारण येथे दंतकथा फार आणि कार्यपद्धतीची माहिती कमी, अशी स्थिती आहे.

बोआल यांना रिओला परत आणण्यात राज्याचे तत्कालीन उपराज्यपाल, मानवशास्त्रज्ञ दार्सी रिबेरो यांचा मोठा वाटा होता. गरीब वस्त्यांतील पूर्ण दिवसाच्या शाळांमध्ये नाटकाचा कार्यक्रम चालवावा, अशी त्यांची कल्पना होती. पण निवडणुकीत सरकार बदलले आणि पाठबळ गेले. पीडितांच्या रंगभूमीचे रिओतील केंद्र पुढे हलाखीत तग धरून होते. १९९२ च्या महापालिका निवडणुकीत केंद्रातील मंडळींनी कामगार पक्षाला प्रचारात मदत देऊ केली. आपल्यातीलच कोणी उमेदवार व्हावे असे ठरले, तेव्हा आपण काही निवडून येत नाही या भरवशावर बोआल उभे राहिले. रस्त्यावर, समुद्रकिनाऱ्यावर नाटके करीत प्रचार झाला आणि ते निवडून आले.

१९९३ ते १९९६ या मुदतीत त्यांनी नगरसेवकाला मिळणाऱ्या कर्मचारीवर्गाच्या जागांवर आपल्या नाट्यकेंद्रातील माणसे नेमली. हे ‘जोकर’, म्हणजे प्रेक्षक आणि मंच यांच्यात दुवा असणारे सूत्रधार, शहरभर गट उभे करू लागले. वृद्ध, अंध, घरकाम करणाऱ्या स्त्रिया, टेकड्यांवरील झोपडपट्ट्यांचे रहिवासी, कृष्णवर्णीय विद्यार्थी असे ते गट होते. प्रत्येक गट स्वतःच्या अनुभवातून छोटे नाटक रचे. त्याचा शेवट पराभवात होई. मग तेच नाटक पुन्हा सुरू होई आणि प्रेक्षकांतील कोणीही ‘थांबा’ म्हणून पीडिताची जागा घेऊन वेगळे काही करून पाही. प्रयोगात लोकांनी काय काय करून पाहिले आणि ते कोठे अडले, याची टिपणे कार्यालयात येत. तेथे वकिलांचा समावेश असलेला एक लहान गट ती टिपणे चाळून ठरवी की, यातून नव्या कायद्याचा मसुदा करता येईल, की कायदा आहेच पण पाळला जात नाही म्हणून न्यायालयात जावे लागेल, की कायद्याविना थेट कृतीनेच प्रश्न सुटेल. याखेरीज भर चौकात महापालिकेच्या सभेसारखी सभा भरवून त्या प्रस्तावांवर लोकांची मतेही घेतली जात.

या वाटेने त्यांच्या मुदतीत १३ कायदे संमत झाले. महापालिकेच्या रुग्णालयांत वृद्धांसाठी तज्ज्ञ सेवा असावी हा त्यातला एक. गुन्ह्यांच्या साक्षीदारांना संरक्षण देणारा कायदा ब्राझीलमधील अशा प्रकारचा पहिला मानला जातो. मला स्वतःला सर्वांत बोलका वाटतो तो दूरध्वनीचा मामला. ब्राझीलच्या रस्त्यांवरील सार्वजनिक दूरध्वनींवर मोठ्या अंडाकृती टोपीसारखे छत असे आणि ते एका बारीक खांबावर टेकलेले असे. अंध व्यक्तीची काठी खालून मोकळी फिरते, तिला काहीच लागत नाही, आणि माणूस पुढे जाऊन डोके आपटून घेतो. छताच्या रुंदीएवढा रुंद ओटा खाली बांधावा, म्हणजे काठी आधी त्याला लागेल, अशी सुधारणा अंधांच्या गटाच्या नाटकातून पुढे आली. डोळस अभियंत्याच्या टेबलावर हा प्रश्न कधी आलाच नसता.

१९९६ मध्ये ते पुन्हा निवडून आले नाहीत. कार्यालय गेले, पगारी सूत्रधार गेले आणि अनेक गट विखुरले. काही मात्र टिकले किंवा नव्याने उभे राहिले. घरकामगार स्त्रियांचा ‘मारियास दो ब्राझील’ हा गट त्यांपैकी एक. तिसरी घंटा यांच्या गटाच्या विषयांपैकी एक त्यांचाही आहे, म्हणून मुद्दाम नोंदवतो.

---

तिसरी घंटा

तिघांचेही मनःपूर्वक आभार. नोंदवही यांच्या प्रतिसादामुळे एक शंका मनात आली. दर वेळी पीडिताचीच जागा घेऊन उपाय शोधायचा असेल, तर ‘तू वेगळे वागली असतीस तर असे झाले नसते’ असा अर्थ निघण्याचा धोका नाही का? आमच्या पगाराच्या नाटकात मोलकरणीने मालकिणीशी कसे बोलावे, यावर वस्तीतील स्त्रिया सूचना करतीलही. पण पगार ठरवण्याची सत्ता तर प्रयोगाला न आलेल्या मालकिणीकडे आहे.

---

वाटसरू

शंका रास्त आहे आणि या पद्धतीवरील गंभीर आक्षेपांपैकी ती एक आहे. बोआल यांचा नियम असा होता की, पीडकाची जागा घेऊन त्याला एकाएकी सज्जन करून टाकता येणार नाही. तशी ‘जादू’ कोणी केली, तर हे खरोखर घडू शकते का, असे सूत्रधाराने सभेला विचारायचे. नियमामागील विचार योग्य आहे, कारण मालकीण सुधारेल या आशेवर कोणाची लढाई उभी राहात नाही. तथापि त्याचा परिणाम असा होतो की, मंचावर बदलण्याची सगळी जबाबदारी ज्याच्यापाशी सर्वांत कमी बळ आहे, त्याच्यावर येऊन पडते. नवखा सूत्रधार असेल तर प्रयोगाचे रूपांतर संभाषणकौशल्याच्या शिकवणीत व्हायला वेळ लागत नाही.

आणि तसे झालेही आहे. निधीवर चालणाऱ्या अनेक संस्थांनी हे तंत्र ‘जाणीवजागृती’च्या पेटीतील एक साधन म्हणून उचलले, कंपन्यांच्या कर्मचारी-प्रशिक्षणातही त्याचा वापर होतो. पीडित कोण आणि पीडक कोण, हा प्रश्नच जेथे विचारायचा नसतो, तेथे उरतो तो खेळ. बोआल यांच्या हयातीतच हे सुरू झाले होते.

मला आणखी एक गोष्ट खटकते. युरोपात त्यांच्याकडे येणारी माणसे पोलिसांच्या किंवा मालकाच्या जुलमाऐवजी एकाकीपणाच्या, रिकामपणाच्या तक्रारी मांडू लागली, तेव्हा प्रथम त्यांना ते क्षुल्लक वाटले. पुढे या सुखवस्तू देशांतही माणसे आत्महत्या करतात हे पाहून त्यांनी ‘डोक्यातला पोलीस’, म्हणजे मनात भिनलेला धाक, शोधण्याचे तंत्र विकसित केले. ते सूक्ष्म आहे, मनोविकारांवर काम करणाऱ्यांना उपयोगी पडले आहे, हे मान्य करूनही मला वाटते की, रस्त्यावरच्या पोलिसाकडून डोक्यातल्या पोलिसाकडे जाण्याची सोय झाल्यावर पुष्कळांनी पहिल्याकडे पाठ फिरवली. याचा दोष बोआल यांना देता येणार नाही. अखेरच्या वर्षांत ते स्वतः तुरुंगांत आणि भूमिहीनांच्या चळवळीच्या कार्यकर्त्यांबरोबर काम करीत होतेच. २ मे २००९ रोजी ते गेले, त्याच्या सव्वा महिना आधी जागतिक रंगभूमी दिनाचा संदेश त्यांनी लिहिला होता.

करडा रंग यांच्याशी मात्र मी सहमत नाही. ढकलले तर अरेनातील पुष्कळ जण गेले होते. सगळ्यांनी फोरम नाट्य शोधले नाही.

---

खाडीपलीकडे

चर्चा लॅटिन अमेरिकेत आणि युरोपात फिरली, म्हणून जवळच्या एका उदाहरणाकडे लक्ष वेधतो. पश्चिम बंगालमधील ‘जन संस्कृती’ हा गट १९८५ पासून, आरंभी सुंदरबनच्या भागात, काम करीत आहे. त्याचे संस्थापक संजय गांगुली हे राजकीय कार्यातून नाटकाकडे आले, म्हणजे त्यांचा प्रवास बोआल यांच्या उलट दिशेचा. नव्वदच्या दशकाच्या आरंभी त्यांना फोरम नाट्याची ओळख झाली. बोआल स्वतः कोलकात्याला आले होते, आणि २००६ मध्ये तेथे पीडितांच्या रंगभूमीचा भारतीय महासंघ स्थापन झाला तेव्हाही ते उपस्थित होते.

आपल्या शंकेचे उत्तर ‘जन संस्कृती’च्या कार्यपद्धतीत सापडते, असे मला वाटते. त्यांचे नट बहुतांशी त्याच गावांतील शेतमजूर आणि स्त्रिया आहेत. एकच नाटक त्याच गावात पुन्हा पुन्हा केले जाते आणि दोन प्रयोगांच्या मधल्या काळात गावकऱ्यांच्या समित्या दारूच्या भट्ट्या, शाळा, आरोग्य केंद्र अशा प्रश्नांवर प्रत्यक्ष काही करतात. पहिल्या प्रयोगाला एकट्या बाईचा उपाय पुढे येतो. पुढच्या खेपेला तोच प्रसंग पाहताना ‘एकटीने का जायचे?’ हा प्रश्न सभेतूनच उठण्याची शक्यता निर्माण होते. पीडिताच्या जागी एकाऐवजी पाच जणींनी उठून येण्यास बोआल यांच्या नियमांत कोठेही मनाई नाही. एका संध्याकाळच्या प्रयोगावरून या पद्धतीचा निकाल लावणे म्हणूनच चुकीचे ठरते.

आपल्याकडे सत्यशोधकी जलसे झाले, आंबेडकरी जलसे झाले, १९४४ पासून अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांचे लालबावटा कलापथक गाजले, पुढे स्त्री मुक्ती संघटनेचे ‘मुलगी झाली हो’ गावोगावी पोहोचले. ही परंपरा मोठी आहे आणि तिच्यातील कलावंत व कार्यकर्ता हे मुळात दोन नव्हतेच. म्हणूनच तुमच्या गटातील भांडण मला थोडे उसने वाटते. फरक इतकाच की, जलशात आणि वगात बोलण्याचा अधिकार शाहिराकडे राहतो, प्रेक्षक ऐकतो आणि मग मोर्चाला येतो. तेथे उत्तर आधी ठरलेले असते, आणि स्वातंत्र्यानंतरच्या संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात तसे ते ठरलेले असणे आवश्यकही होते. मोलकरणीच्या पगाराचे उत्तर मात्र तुमच्या गटापाशी तयार नाही, आणि अशाच प्रश्नाला फोरम लागते.

प्रत्यक्षात काय करता येईल, तेवढे सांगतो. पगाराचे नाटक घ्या आणि त्याचा शेवट काढून टाका. मोलकरणीची भूमिका करणारी मुलगी तुमच्या गटातील नको. वस्तीतील घरकाम करणाऱ्या दोघीतिघींना घेऊन संहिता नव्याने बांधा, कारण सुट्टीचे पैसे कापताना मालकीण नेमके काय बोलते, ते वाक्य त्यांनाच ठाऊक असते. गटातील तालमीचा आग्रह धरणारे जे आहेत त्यांच्याकडे मालकिणीची भूमिका द्या. ती करायला सर्वांत अवघड आहे, कारण प्रेक्षकांतून आलेल्या बाईला लगेच शरण जायचे नाही आणि तिला चिरडूनही टाकायचे नाही, प्रत्येक नव्या युक्तिवादाला जागच्या जागी खरे वाटेल असे उत्तर द्यायचे असते. प्रयोगात पुढे आलेल्या सूचना एकाने वहीत लिहून घ्याव्यात आणि दुसऱ्या आठवड्यात ती वही घेऊन त्याच वस्तीत बसावे. त्यांत कामगार खात्याकडे जाण्याची, घरकामगारांच्या संघटनेशी बोलण्याची किंवा चाळीतील सगळ्यांनी मिळून एकच दर सांगण्याची सूचना हमखास असेल. महाराष्ट्रात घरेलू कामगारांसाठी कल्याण मंडळाचा कायदा २००८ पासून आहे. त्या मंडळाकडे वस्तीतील किती जणींनी नोंदणी केली आहे, हे पहिल्या बैठकीतच विचारून घ्या.